पालखी उचलणारे आणि पालखीत बसलेला: पटकथाकार कासाहारा काझुओ

प्रश्न थोडक्यात असा आहे: "टोळीयुद्धावर पटकथा लिहितोय. वीसेक पात्रं आहेत. वाचणारे म्हणतात, गोंधळ होतो, नायक कोण ते कळत नाही. शेवटी नायक टोळीच्या म्हाताऱ्या प्रमुखाला मारतो, पण तो शेवटही कुणाला भिडत नाही. एकानं सत्तरच्या दशकातली एक जपानी मालिका बघायला सांगितली. बघितली, थक्क झालो. दिग्दर्शकावर ढिगानं लिहिलेलं सापडलं, लेखकाचा मात्र कुठे पत्ता नाही. कोण होता तो, आणि त्याच्याकडून शिकण्यासारखं काय?"

तो लेखक म्हणजे कासाहारा काझुओ. जपानी रीतीप्रमाणे आडनाव आधी. जन्म १९२७, मृत्यू डिसेंबर २००२. तुम्ही पाहिलेली सिनेमांची मालिका म्हणजे 'जिंगी नाकी ताताकाई'. यातला 'जिंगी' हा शब्द जपानी गुंडांच्या, म्हणजे याकुझांच्या, इमानाचा, आब राखण्याचा, दिलेल्या शब्दाला जागण्याचा. तो नसलेली लढाई, असं हे नाव. दिग्दर्शक फुकासाकु किंजी यांचं नाव जगभर झालं, आणि ते रास्तच आहे. हातात धरलेला, धक्के खाणारा कॅमेरा, माणूस मरताच गोठणारं चित्र आणि त्यावर उमटणारं मृताचं नाव न् तारीख, हे सगळं डोळ्यांना लगेच दिसतं. पटकथा अशी दिसत नाही, त्यामुळे लेखक मागे राहतो. आपल्याकडेही काय वेगळं आहे म्हणा.

मी स्वतः बावीस वर्षं पटकथा लिहून पोट भरतो. मालिका लिहिल्या, काही सिनेमे लिहिले, त्याहून जास्त सिनेमे लिहून कपाटात ठेवले. कासाहारांपर्यंत पोचलो तो तुमच्यासारखाच, अडल्यावर. एका निर्मात्यासाठी चौदा पात्रांची एक गोष्ट लिहीत होतो आणि प्रत्येक बैठकीत एकच प्रश्न यायचा, "पण आपला माणूस कोण?" त्याचं उत्तर मला कासाहारांच्या कामात मिळालं. सिनेमा मात्र झाला नाही, ते असो.

आधी एक गैरसमज काढून टाकू. ही मालिका बघून वाटतं की हा लेखक रस्त्यावरून थेट आला असणार, नियम-बियम न मानणारा. प्रत्यक्षात कासाहारा म्हणजे स्टुडिओत मुरलेला, हुकमी काम करणारा कारागीर. पन्नासच्या दशकात ते तोएई या सिनेमा कंपनीच्या प्रसिद्धी विभागात लागले. तिथून पटकथेकडे वळले आणि सुरुवातीला लिहिलं ते गायिका-नटी मिसोरा हिबारी हिच्यासाठी, पोशाखी करमणुकीचे सिनेमे. साठच्या दशकात तोएईनं 'निंक्यो' सिनेमांचा कारखाना काढला. निंक्यो म्हणजे दुबळ्याच्या बाजूनं उभा राहणारा, शब्दाचा पक्का गुंड. साचा ठरलेला असे: जुन्या वळणाचा सज्जन जुगारी, त्याला छळणारा नव्या पैशाचा लोभी प्रमुख, नायकाचं सोसणं, सोसणं, आणखी सोसणं, आणि शेवटी तलवार घेऊन एकट्यानं शत्रूच्या घरात शिरणं. वर्षाला असे कितीतरी सिनेमे निघायचे. लेखकांना क्योटोच्या एखाद्या जपानी पद्धतीच्या खाणावळवजा हॉटेलात कोंडून घालत. त्याला जपानी धंद्यात 'कांझुमे' म्हणतात, म्हणजे डबाबंद. पटकथा पुरी झाल्याशिवाय डबा उघडायचा नाही. कासाहारांनी अशा डब्यात बसून वर्षानुवर्षं लिहिलं. 'निहोन क्योकाकुदेन' ही ताकाकुरा केन या नटाची गाजलेली मालिका १९६४ मध्ये सुरू झाली, तिच्या लेखकांमध्ये ते होते.

या कारखान्यात हातानं हाताला दिलेलं एक ज्ञान होतं. त्याला 'कोप्पो' म्हणत, शब्दशः हाडांची रीत. पटकथेची हाडं कशी बसवायची त्याचे दहा नियम. कासाहारांनी आयुष्याच्या अखेरीस ते लिहून ठेवले, आणि माझ्या मते पटकथेवर जगात जे काही लिहिलं गेलंय त्यात इतकं कमी शब्दांत इतकं कामाचं क्वचितच सापडेल. दहाही नावं सेटवरच्या बोलीतली आहेत. 'कोरोगारी' म्हणजे गडगडणं: गोष्ट उतारावरून सुटली आहे, आता पुढे काय, असं बघणाऱ्याला वाटलं पाहिजे. 'कासे' म्हणजे बेडी. 'ओताकारा' म्हणजे ठेवा, नायकाला जिवापेक्षा प्यारी असलेली वस्तू किंवा माणूस. 'काताकी' म्हणजे वैरी, मग तो माणूस असो की मनातला डंख. 'सानबो' म्हणजे सेप्पुकूच्या, पोट चिरून मरण्याच्या विधीच्या, वेळी ज्यावर सुरा ठेवून पुढे करतात तो लाकडी पाट: पात्र आता मागे फिरू शकत नाही तो क्षण. 'याबुरे' म्हणजे फाटणं, नायकाची पडझड. 'ओरिन' हा तर व्हायोलिनचा अपभ्रंश आहे: इथे व्हायोलिन वाजतं, इथे डोळे ओले व्हायला हवेत. मग 'यामा', डोंगर, सगळं येऊन आदळतं ती जागा. 'ओची', शेवटची कलाटणी, किस्सा सांगणारा कथेकरी ज्यावर टाळी घेतो ती. आणि दहावा 'ओदाइमोकु', म्हणजे निचिरेन या बौद्ध पंथाचे लोक अखंड जपतात तो नाममंत्र. सिनेमाचा विषय हा असा सतत खाली चालू असला पाहिजे. आपल्या भाषेत सांगायचं तर कीर्तनभर मागे चालू असलेला गजर.

तुमच्या अडचणीचं औषध यातल्या दुसऱ्या हाडात आहे, बेडीत. आपण पात्र लिहायला बसलो की आधी विचारतो, याला काय हवंय? कासाहारांच्या पटकथा वाचताना जाणवतं की त्यांचा पहिला प्रश्न वेगळा आहे: हा कशानं बांधलाय? कुणाचं मीठ खाल्लंय, कुणासोबत भाऊ मानून प्याला घेतलाय, कुणाच्या बदल्यात तुरुंगात गेलाय? इच्छा माणसाला सुटा करते, बांधिलकी दुसऱ्या माणसाशी जोडते. वीस पात्रं वीस इच्छांनी निघाली की गर्दी होते. वीस पात्रं एकमेकांच्या ऋणात असली की जाळं होतं, आणि एक धागा ओढला की सगळं हलतं.

याचा सगळ्यात शुद्ध नमुना बघायचा तर तुम्ही पाहिलेल्या मालिकेच्या आधी जावं लागेल. जानेवारी १९६८ चा 'बाकुचिउची: सोच्यो तोबाकु'. दिग्दर्शक यामाशिता कोसाकु. जुगारी टोळ्यांवरच्या एका चालू मालिकेतला हा चौथा भाग. म्हणजे कागदावर बघाल तर धंद्याचा माल. काळ १९३४ चा. टोळीचा प्रमुख आजारानं खाटेला खिळतो, वारस निवडायचाय. सगळ्यांच्या मनात नाकाई आहे (नट त्सुरुता कोजी). पण नाकाई म्हणतो, मी ओसाकाहून आलेला, बाहेरचा, मला हा मान घेता येत नाही. त्याच्या मते हक्क मात्सुदाचा (वाकायामा तोमिसाबुरो), पण मात्सुदा तुरुंगात आहे. सेन्बा नावाचा एक बुजुर्ग पडद्याआडून सूत्रं हलवतो आणि इशिदो या तिसऱ्यालाच गादीवर बसवतो. काही दिवसांनी मात्सुदा सुटून येतो आणि पेटतो.

आता बेड्या मोजा. नाकाई आणि मात्सुदा प्याला घेऊन झालेले भाऊ. मात्सुदाची बायको ही नाकाईची सख्खी बहीण. नाकाई टोळीच्या निर्णयाला बांधलेला, कारण निर्णयाच्या रीतीवर त्याचा विश्वास आहे. इशिदो हा काही खलपुरुष नाही, त्याला गादी मिळाली यात त्याचा दोष काय? मात्सुदाचं म्हणणं पूर्ण खरं आहे, आणि म्हणूनच तो सगळ्यांचा नाश करतो. एकही माणूस चुकीचं वागत नाही आणि प्रेतं पडत जातात. कुणाचाही स्वभाव न बदलता, एकही योगायोग न आणता. पाऊस पडत असताना स्मशानात नाकाई आणि मात्सुदा समोरासमोर येतात तो प्रसंग मी किती वेळा पाहिला असेल कोण जाणे. दोन माणसं, एक थडगं, आणि दोघांनाही माहीत आहे की आता उरलेला प्रत्येक रस्ता बंद आहे. 'सानबो' म्हणजे काय ते शब्दांत समजावण्यापेक्षा हा प्रसंग दाखवावा.

सिनेमा आला तेव्हा समीक्षकांचं विशेष लक्ष गेलं नाही. पुढच्या वर्षी कादंबरीकार मिशिमा युकिओनं त्यावर लेख लिहिला आणि ग्रीक शोकांतिकेशी त्याचं नातं जोडलं. तेव्हापासून त्याचं मोल वाढत गेलं. मला मात्र मिशिमापेक्षा शेवटचं वाक्य जास्त महत्त्वाचं वाटतं. नाकाई शेवटी सेन्बाला मारायला येतो. सेन्बा त्याला निंक्योची, इमानाच्या वाटेची आठवण करून देतो. नाकाईचं उत्तर साधारण असं: "कसली निंक्योची वाट? मी नुसता एक हलकट खुनी आहे." ज्या साच्यात लेखकानं इतकी वर्षं काढली, त्या साच्याच्या नायकाच्या तोंडून तो साचाच नाकारला. पण आतून, सगळे नियम पाळून. अजून एक खूण करून ठेवा: सेन्बाचं काम केलं होतं कानेको नोबुओ या नटानं. त्याच्याकडे परत येऊ.

आता मालिका जिथून सुरू होते ते कुरे. हिरोशिमाच्या जवळचं नौदलाचं बंदर, यामातो ही महाकाय युद्धनौका जिथे बांधली ते. पराभवानंतर तिथे राष्ट्रकुलाच्या फौजांचं मोठं ठाणं होतं. जाता जाता सांगतो, १९४६-४७ मध्ये त्या फौजांसोबत आलेल्या हिंदी ब्रिगेडमध्ये मराठा लाइट इन्फन्ट्रीची पहिली बटालियनही होती. त्या जवानांनी जळालेलं जपान पाहिलं असणार. आपल्या साहित्यात त्याचे ठसे माझ्या वाचनात आले नाहीत, कुणाला सापडले तर मला वाचायला आवडतील. तर या कुरेत काळाबाजार फोफावला, लढाईवरून परतलेली बेकार पोरं त्यात शिरली, टोळ्या झाल्या. त्यातल्या मिनो कोझो नावाच्या एकानं पुढे होक्काइदोच्या आबाशिरी तुरुंगात बसून आपली हकिकत लिहिली. एका लेखात या सगळ्या भांडणाचं खापर आपल्यावर फोडलं आहे असं वाटून त्यानं उत्तरादाखल लेखणी उचलली, आणि शेकडो पानं झाली. इइबोशी कोइची या लेखकानं ती हाताशी धरून साप्ताहिकात लेखमाला चालवली. १९७२ साली तोएईनं कासाहारांना सांगितलं, यावर सिनेमा लिहा.

कासाहारा कुरेला गेले तेव्हा मिनोनं सिनेमाला साफ नकार दिला. निघताना बोलण्यात नौदलाचा विषय निघाला आणि कळलं की दोघंही ओताकेच्या नौसैनिक प्रशिक्षण केंद्रात होते. युद्धाच्या शेवटच्या दिवसांत कासाहारा तिथे कोवळे प्रशिक्षणार्थी होते. एवढ्या धाग्यावर मिनोनं त्यांना परत घरी नेलं, बाटली निघाली, आणि नकार देणारा माणूस रात्रभर बोलत बसला. आधी अट अशीच होती म्हणतात, सांगतो सगळं, पण सिनेमा काढायचा नाही. पुढे काय झालं ते आपण जाणतोच. पहिला भाग १३ जानेवारी १९७३ ला लागला.

किस्सा रंगतदार आहे म्हणून नाही सांगितला. ही माणसं म्हणजे लढाईला जेमतेम उशीर झालेली पिढी. विशीच्या आत त्यांना शिकवलं होतं की वर बसलेल्यासाठी मरायचं. मग एक दिवस वर बसलेला म्हणाला, संपलं, घरी जा. कासाहारांनी ही गोष्ट पुन्हा पुन्हा लिहिली. कधी गुंडांच्या वेषात, कधी सैनिकांच्या. १९८० साली त्यांनी रशिया-जपान युद्धातल्या पोर्ट आर्थरच्या वेढ्यावर 'निह्याकुसान कोची' लिहिला, तिथेही टेकडीवर कुणाला पाठवलं आणि नकाशासमोर कोण उभं होतं हाच हिशेब आहे. जपानी कम्युनिस्ट पक्षाच्या सुरुवातीच्या दिवसांवर एक पटकथा लिहिली होती, ती कधी पडद्यावर आलीच नाही.

मालिकेकडे येऊ. कासाहारांना अडचण तुमचीच होती. डझनावारी खरी माणसं, वीसेक वर्षांचा काळ, युत्या होतात, मोडतात, आणि साच्यातला एकच एक नायक कुठेच बसत नाही. त्यांनी काय केलं? एक म्हणजे बैठं काम. भेटी घेतल्या, टिपणं काढली, कोण कुणाचा ओयाबुन, म्हणजे टोळीतला बाप, कोण कुणाचा कोबुन, म्हणजे पोर, याचे तक्ते केले, घटनांची कालपत्रकं केली. ही सामग्री त्यांच्या मृत्यूनंतर पुस्तकरूपानं आली, तिचा आकार बघून मला माझीच लाज वाटली. दुसरं म्हणजे त्यांनी एक सिनेमा पाहिला. कुमाशिरो तात्सुमी या दिग्दर्शकाचा 'इचिजो सायुरी: नुरेता योकुजो', १९७२ चा, निक्कात्सु कंपनीच्या कामुक सिनेमांच्या रांगेतला, एका नग्ननर्तिकेवरचा. उघडी माणसं एकमेकांना ओरबाडताहेत, मधे कसलं बांधीव कथानक नाही, आणि तरी सिनेमा उभा राहतो. ते बघून त्यांना वाट सापडली. शिकायला कुठे जाल याचा नेम नसतो.

फुकासाकु दिग्दर्शक म्हणून कासाहारांना आधी नको होते. साठच्या दशकात एका सिनेमाच्या वेळी दोघांचं फाटलं होतं. फुकासाकु पटकथेत सतत बदल मागत, कासाहारांची तब्येत त्यात बिघडली. या वेळी फुकासाकुंनी पटकथा वाचली आणि आहे तशीच करतो म्हणून कळवलं. दिग्दर्शकाकडून असा निरोप आला तर मी तो कागद चौकटीत घालून भिंतीवर लावीन.

पहिल्या भागातला बोट कापण्याचा प्रसंग आठवा. चूक झाली की करंगळीचं पेर कापून प्रमुखापुढे ठेवायचं, हा निंक्यो सिनेमातला जवळजवळ देवघरातला विधी. इथे कुणालाच नीट माहीत नाही कसं कापायचं. प्रमुखाची बायको सांगते, मी ओसाकात पाहिलंय, असं करतात. हिरोनो, मालिकेतला मध्यवर्ती गुंड, बोट कापतो आणि तो तुकडा उडून गायब. सगळे गुंड वाकून अंगणात शोधताहेत, आणि शेवटी तो कोंबड्यांपाशी सापडतो. प्रेक्षक हसतो, आणि त्या हसण्यात दहा वर्षांच्या निंक्यो सिनेमांचं देवघर कोसळतं. हे लिहायला तो विधी गंभीरपणे अनेकदा लिहिलेला हात लागतो. नवख्यानं लिहिला असता तर नुसती टवाळी झाली असती.

भाषेबद्दल दोन शब्द. तुम्ही उपशीर्षकांवर पाहिलंत म्हणून हे कळणार नाही. ही पात्रं अस्सल हिरोशिमाकडची बोली बोलतात, 'ज्याकेन' न् 'वाशी'ची. टोकियोच्या प्रेक्षकाला ती रांगडी, जवळची आणि जराशी भीतीदायक वाटते. टोळीप्रमुखाला प्रमाण भाषेत धमकी देणं आणि कोल्हापुरी किंवा मालवणी हेल काढून देणं यात जो फरक, तोच. बोलीत माणूस एकाच दमात लाडही करतो आणि आईही काढतो. पण लक्षात घ्या, कासाहारांनी बोलीचा मसाला म्हणून वापर केला नाही. त्यांचे संवाद बोलीतच विचार करतात. पहिल्या भागात साकाई नावाचा गुंड आपल्या प्रमुखाला, यामामोरीला, सुनावतो ते असं: तुम्ही सुरुवातीपासून आमच्या खांद्यावरची पालखी आहात, ही टोळी इथवर आली ती कुणाच्या रक्तावर? पालखी आपल्या पायानं चालू शकते म्हणत असाल तर चाला बघू! मूळ शब्द 'मिकोशी', जत्रेत खांद्यावर नाचवतात ती देवाची पालखी. मराठीत हे वाक्य किती सहज येतं बघा. सत्तेचं इतकं नेमकं वर्णन राज्यशास्त्राच्या वर्गातही मला कुणी ऐकवलं नव्हतं.

आणि हा यामामोरी कोण? तोच कानेको नोबुओ. १९६८ मध्ये सेन्बा झालेला. लेखक तोच, नट तोच, कपटी म्हातारा तोच. फरक एवढाच की निंक्यो सिनेमात म्हातारा शेवटच्या रिळात मरतो, आणि इथे त्याला कोणी हातच लावू शकत नाही. यामामोरी घाबरट आहे, चिक्कू आहे, वेळ आली की पोरांपुढे गळा काढून रडतो. तो कुणाला गोळी घालत नाही. पोरं एकमेकांना घालतात. साकाई, तो पालखीवाला, लेकराला बाहुली घ्यायला खेळण्यांच्या दुकानात जातो आणि तिथे मारला जातो. त्याच्या अंत्यविधीला यामामोरी शोक करत बसलेला. हिरोनो, म्हणजे नट सुगावारा बुंता, आत येतो, पिस्तूल काढतो. साच्यात वाढलेला प्रेक्षक श्वास रोखतो: आता म्हातारा गेला! हिरोनो गोळ्या झाडतो त्या आरासीवर, फुलांवर, नैवेद्यावर. यामामोरी धमकावतो तेव्हा वळून म्हणतो, "यामामोरीसान, गोळ्या अजून शिल्लक आहेत." आणि निघून जातो. सिनेमा संपला. सूड न घेता इतका मोठा शेवट मी दुसरा पाहिलेला नाही. त्या वर्षी किनेमा जुन्पो या मासिकाचा पटकथेचा पुरस्कार कासाहारांना मिळाला.

दुसरा भाग मला व्यक्तिशः सगळ्यात जवळचा. यामानाका नावाचा एक कोवळा मारेकरी, लढाऊ वैमानिक व्हायची स्वप्नं बघितलेला, लढाई संपल्यानं राहून गेलेला. तो वैमानिकांच्या गाण्याची शीळ घालतो आणि प्रमुख सांगेल त्याला मारून येतो. शेवटी पोलिसांच्या वेढ्यात स्वतःच्या तोंडात पिस्तूल धरतो. ज्याच्यासाठी हे सगळं केलं त्यानं त्याला वापरून घेतलं होतं, हे प्रेक्षकाला माहीत आहे, पोराला नाही. 'ओरिन' इथे आहे, फक्त व्हायोलिन वाजत नाही.

तिसऱ्या भागाला, 'दाइरी सेन्सो'ला, पुष्कळ जण कंटाळतात. गोळीबार कमी, बैठका जास्त. तुम्ही मात्र तोच तीनदा बघा. कोण कुणाच्या घरी गेला, कुणी कुणाला फोन केला, प्याला कुणी घेतला, कुणी टाळला. पटकथाकार म्हणून हा भाग लिहिणं सगळ्यात अवघड, कारण पात्रं खोलीत बसून खोटं बोलताहेत एवढंच घडतं. तरीही प्रत्येक प्रसंगानंतर कुणाचं तरी देणं वाढलेलं असतं. माझ्या त्या चौदा पात्रांसाठी मी हीच युक्ती केली. स्वयंपाकघराच्या भिंतीवर कागद चिकटवले, पात्रांमधे बाण काढले, आणि प्रत्येक प्रसंगानंतर एकच प्रश्न: कुठला बाण बदलला? एकही बदलला नसेल तर प्रसंग फाडायचा. एकवीस प्रसंग फाडले. बायको म्हणाली, भिंतीचा रंग तरी सोडा. वाचणाऱ्यांचा गोंधळ मात्र थांबला. लोकांना वीस नावं लक्षात ठेवायला जड जात नाही. कोण कुणाचं देणं लागतो हे विसरायला लावलं की जड जातं. आपल्या लग्नघरातल्या मावशांना विचारा, दोनशे माणसांचं मानपान तोंडपाठ असतं.

चौथ्या भागाच्या शेवटी हिशेब होतो. थंडीचे दिवस, न्यायालयाच्या इमारतीतली मोडकी बोळ, बाहेरून बर्फ आत येतंय. हिरोनो आणि ताकेदा, दोन विरुद्ध बाजूंचे गुंड, बाजूबाजूला बसून पाय चोळताहेत. एकमेकांच्या शिक्षा विचारतात. यामामोरीला दीड वर्ष. हिरोनोला सात. थोडा वेळ शांतता, मग वाक्य येतं, मराठीत मी असं करीन: "आतबट्ट्याचा धंदा झाला रे आपला." मूळ जपानी शब्दप्रयोगही हिशेबाचाच आहे, माप न जुळण्याचा. वीस वर्षांची कत्तल, आणि निकाल एका वहीच्या ओळीत.

कासाहारांच्या लेखी गोष्ट इथे संपली. तोएईला अजून हवी होती, तिकिटं खपत होती. त्यांनी पाचवा भाग लिहायला नकार दिला. जमवलेली सामग्री ताकादा कोजी या सहकारी लेखकाच्या हवाली केली आणि बाजूला झाले. पाचवा भाग वाईट नाही, पण तो दुसऱ्याच्या हाताचा आहे हे लगेच कळतं. पुढे फुकासाकुंसाठी कासाहारांनी १९७५ मध्ये 'केनकेई ताइ सोशिकी बोर्योकु' लिहिला, पोलीस आणि गुंड यांच्या दोस्तीचा. बघायला सोपा, एकाच सिनेमात संपणारा, आणि धार तीच. मालिका जड वाटत असेल अशा मित्रांना मी तोच आधी दाखवतो.

तुमच्या मसुद्याबद्दल. क्रम असा ठेवा: आधी १९६८ चा जुगारी सिनेमा, मग मालिकेचे चार भाग, पुन्हा तिसरा. मग स्वतःची वीस पात्रं घेऊन बसा आणि कुणाला काय हवंय ते खोडून कुणी कुणाला बांधलंय ते लिहा. चार-पाच पात्रं अशी निघतील ज्यांना बेडीच नाही, ती काढून टाका, कुणाला चुकचुकणार नाही. नायक कोण याची चिंता सध्या बाजूला ठेवा. ज्याच्यावर सगळ्यात जास्त बाण येऊन थांबतात तो आपोआप वर येईल, आणि तो तुम्हाला आत्ता वाटतोय तो नसण्याची शक्यता बरीच आहे.

आणि शेवट. तुम्ही म्हणता नायक म्हाताऱ्याला मारतो आणि तरी कुणाला भिडत नाही. एकदा त्याला जिवंत ठेवून लिहून बघा.